जामिनाची पहिली पायरी

२४ ऑगस्ट २०२१ रोजी रत्नागिरीच्या सत्र न्यायालयात अटकपूर्व जामिनाचा एक अर्ज आला आणि त्याच दिवशी फेटाळला गेला. अर्जदार होते नारायण राणे, राज्याचे माजी मुख्यमंत्री आणि त्या वेळी केंद्र सरकारातले मंत्री. आदल्या दिवशी महाडला त्यांनी तेव्हाचे मुख्यमंत्री उद्धव ठाकरे यांच्या कानाखाली वाजवण्याची भाषा केली होती. त्यावरून महाड, नाशिक, पुणे इथे गुन्हे नोंदले गेले. मुंबई हायकोर्टात तातडीने सुनावणी घ्या अशी विनंती झाली. रीतसर अर्ज करून या, असे उत्तर मिळाले. दुपारी संगमेश्वर तालुक्यातल्या गोळवलीला पोलिसांनी त्यांना अटक केली. रात्री उशिरा महाडच्या दंडाधिकाऱ्यांनी जामिनावर सोडले. अटक चुकीची नव्हती, पण कोठडीत ठेवून चौकशी करण्याची गरज नाही, असा त्या आदेशाचा आशय होता. पुढे २०२३ मध्ये अलिबागच्या न्यायालयाने त्यांना त्या खटल्यातून आरोपमुक्त केले.

कोकणात ना कपाशी पिकते ना शाळू. मग कापूस-ज्वारीच्या मुलखातल्या शेतकऱ्याने रत्नागिरीच्या कोर्टात एका मंत्र्याचे काय झाले याची पंचाईत कशाला करायची? करायची, कारण मंत्र्याला जे कलम लागू आहे तेच आपल्याला लागू आहे. फरक एवढाच, की मंत्र्याला एका दिवसात तीन कोर्टांचे दार ठोठावता आले. आपल्या कार्यकर्त्याला पहिल्या कोर्टाचे दार सापडेपर्यंत दोन रात्री पोलीस ठाण्यात जातात.

याच रत्नागिरी जिल्ह्यात राजापूर तालुक्यातल्या बारसूच्या सड्यावर एप्रिल २०२३ मध्ये रिफायनरीसाठी माती परीक्षण सुरू झाले. जमावबंदी लागली, रस्त्यावर आडव्या झालेल्या बायांची धरपकड झाली, गुन्हे नोंदले गेले. १० जून २०१९ रोजी अकोला जिल्ह्यातल्या अकोली जहांगीरला शेतकऱ्यांनी परवानगी नसलेल्या तणनाशक-सहनशील कपाशीची जाहीर पेरणी केली, तेव्हा त्यांच्यावरही गुन्हे नोंदले गेले. कुणी रिफायनरी नको म्हणतो, कुणी बियाणे हवे म्हणतो. मागण्या उलटसुलट असतील. पोलिसांचा कागद मात्र सगळीकडे सारख्याच छापाचा असतो.

कोठडीचे दिवस आणि पेरणीचे दिवस

आपल्या चळवळीला तुरुंगाचे भय कधी नव्हते. १९८० च्या कांदा-ऊस आंदोलनात हजारो शेतकऱ्यांनी आपण होऊन अटक करून घेतली. ती अटक आपण निवडलेली होती. दिवस आपण ठरवला होता, मागे शेत कोण पाहणार हे ठरवून लोक घराबाहेर पडले होते. सत्याग्रहातली अटक हे शेतकऱ्याचे हत्यार आहे. पण आंदोलन संपून आठ दिवसांनी, 'व इतर शंभर-दीडशे' या शब्दांत कुणाचेही नाव घुसडून, पहाटे घरातून उचलून नेणे हे सरकारचे हत्यार आहे. या दोन अटकांची गल्लत करू नये.

कोरडवाहू शेतकऱ्याला कोठडीचे दिवस नुसते तारखांनी मोजून चालत नाहीत. जूनच्या शेवटी पाऊस पडून जमिनीला वाफसा आला आणि घरचा कर्ता माणूस आत असला, तर कपाशीची लावण लांबते. लांबलेल्या कपाशीला बोंडे भरण्याच्या वेळी जमिनीत ओल उरत नाही. रब्बी ज्वारीची पेर साधारण १५ सप्टेंबर ते १५ ऑक्टोबर या महिन्यात उरकावी लागते. तो महिना हुकला की मागून येणारी ज्वारी खोडमाशीच्या तावडीत सापडते आणि कणीस भरत नाही. नोकरदाराला कोठडीतून सुटल्यावर पगार परत सुरू होतो. आपला हंगाम परत येत नाही. खटल्यात पुढे निर्दोष सुटलो तरी तो हंगाम कुठलेही कोर्ट भरून देत नाही. म्हणून अटकपूर्व जामीन हा पुढाऱ्यांचा विषय नाही, आपला आहे.

कायदा करणाऱ्यांच्या मनातही हेच होते. वजनदार माणसे प्रतिस्पर्ध्याला खोट्या गुन्ह्यात गोवतात आणि काही दिवस आत डांबून त्याची अब्रू घेतात, हे कारण सांगून विधी आयोगाने १९६९ च्या ४१ व्या अहवालात या तरतुदीची शिफारस केली. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम ४३८ आले आणि १ एप्रिल १९७४ पासून लागू झाले. १ जुलै २०२४ पासून ती संहिता जाऊन भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली. त्यात हेच कलम ४८२ या नंबराने आहे. नंबर बदलला, हक्क तोच राहिला.

अपील म्हणतो, पण ते अपील नव्हे

गावात आपण म्हणतो, 'खाली जामीन फेटाळला, वर अपील केले.' बोलायला सोपे म्हणून ठीक आहे, पण हे अपील नव्हे, आणि हा फरक समजून घेतला नाही तर नुकसान होते.

अटकपूर्व जामीन देण्याचा अधिकार सत्र न्यायालयाला आणि हायकोर्टाला दोघांनाही एकाच कलमाने दिला आहे. रिवाज असा, की आधी जिल्ह्याच्या सत्र न्यायालयात जायचे. तिथे नकार मिळाला तर हायकोर्टात त्याच कलमाखाली नवा अर्ज करायचा आणि सोबत खालच्या आदेशाची नक्कल लावायची. हायकोर्ट प्रकरण नव्याने पाहू शकते. पण पाहते कशाच्या आधारावर? एफआयआर, पोलिसांच्या तपासाचे कागद, आणि आपण खाली काय म्हटले होते ते. खालच्या अर्जात नसलेली गोष्ट वर एकदम उगवली, तर सरकारी वकील पहिला प्रश्न तोच विचारतो, की हे तेव्हा का सांगितले नाही.

हायकोर्टानेही नकार दिला तर सुप्रीम कोर्ट. तिथेही अपिलाचा हक्क नाही. राज्यघटनेच्या कलम १३६ खाली विशेष परवानगी मागावी लागते. सुप्रीम कोर्ट साक्षीपुरावा पहिल्यापासून चाळत बसत नाही. खालच्या कोर्टाने कायद्याचे निकष लावले की नाही, महत्त्वाची गोष्ट नजरेआड केली का, एवढे बघते. म्हणजे वर जावे तसतसे दार अरुंद होत जाते. तालुक्याच्या वकिलाने घाईत खरडलेल्या दोन पानी अर्जाची दुरुस्ती दिल्लीत होत नाही.

उलट बाजूही ध्यानात ठेवा. आपल्याला जामीन मिळाला म्हणजे सरकार किंवा फिर्यादी गप्प बसेल असे नाही. त्यांनाही वर जाता येते. तिथे कोर्ट दोन गोष्टी वेगवेगळ्या पाहते. एक, जामीन देतानाच खालच्या कोर्टाने महत्त्वाचा पुरावा दुर्लक्षिला काय. तसे असेल तर तो आदेशच चुकीचा म्हणून बाजूला होतो. दोन, आदेश बरोबर होता, पण माणसाने नंतर अटी मोडल्या, साक्षीदाराला धमकावले, तपासाला टांग मारली. तसे असेल तर जामीन रद्द होतो. पहिल्यात चूक कोर्टाची, दुसऱ्यात आपली. आपल्या हातात आहे ती दुसरी चूक न करणे.

कोर्ट काय तोलते

जामीन ही न्यायाधीशाच्या विवेकाची गोष्ट आहे, आणि विवेक माणसागणिक बदलू शकतो. याचा सर्वांत बोलका दाखला रत्नागिरीत जन्मलेल्या लोकमान्य टिळकांचाच आहे. १८९७ च्या राजद्रोहाच्या खटल्यात दंडाधिकाऱ्याने त्यांना जामीन नाकारला, हायकोर्टातही एकदा नकार मिळाला. मग त्याच हायकोर्टात न्यायमूर्ती बद्रुद्दीन तय्यबजी यांनी तो दिला. तेव्हा जामिनासाठी टिळकांच्या बाजूने उभे राहिलेले बॅरिस्टर होते दिनशा दावर. १९०८ मध्ये टिळकांवर पुन्हा खटला भरला तेव्हा तेच दावर न्यायमूर्तीच्या खुर्चीत होते. टिळकांसाठी महंमद अली जिनांनी जामीन मागितला आणि दावरांनी तो नाकारला. आरोपी तोच, आरोप त्याच जातीचा, मागणी तीच.

असा विवेक मोकाट सुटू नये म्हणून सुप्रीम कोर्टाने पुढे त्याला बांध घातले. १९८० मध्ये गुरबक्षसिंग सिब्बिया विरुद्ध पंजाब राज्य या प्रकरणात पाच न्यायमूर्तींच्या पीठाने निकाल दिला. तो लिहिला होता सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांनी. अटकपूर्व जामिनासाठी एफआयआर झालेलाच असला पाहिजे असे नाही. मात्र अटकेची भीती ठोस कारणावर उभी असली पाहिजे, नुसत्या वहिमावर नाही. आणि पुढे काहीही केले तरी अटक करू नका असा सरसकट परवाना कुणालाही मिळणार नाही, असे त्या निकालाने सांगितले.

दुसरा निकाल आपल्या ज्वारीच्या मुलखातला आहे. २००९ च्या विधानसभा निवडणुकीच्या काळात सोलापूर जिल्ह्यातल्या अक्कलकोट भागात एक खून झाला. काँग्रेसचे पुढारी सिद्धाराम म्हेत्रे यांनी भाषणातून चिथावणी दिली असा आरोप होता. हायकोर्टाने त्यांचा अटकपूर्व जामीन नाकारला. २ डिसेंबर २०१० रोजी सुप्रीम कोर्टाने हायकोर्टाचा आदेश बाजूला ठेवून जामीन दिला आणि तो देताना कोर्टाने काय काय तोलावे याची यादीच घालून दिली. आरोप किती गंभीर आहे आणि या माणसाचा त्यातला नेमका वाटा काय. पूर्वी शिक्षा झाली आहे का. पळून जाईल का. पुन्हा तसाच गुन्हा करील का. पुराव्यात ढवळाढवळ करील का, साक्षीदाराला धाक घालील का. आणि अटक करून नुसती बेअब्रू करावी एवढ्यासाठीच तर हा आरोप नाही ना.

त्या यादीत एक ओळ आंदोलन करणाऱ्या प्रत्येकाने वहीत उतरवून ठेवावी अशी आहे. जमावातला एक किंवा सामाईक इराद्याचा भागीदार म्हणून ज्यांना गोवले जाते, म्हणजे जुन्या दंड संहितेची कलमे १४९ आणि ३४, आता भारतीय न्याय संहितेतली कलमे १९० आणि ३(५), त्यांच्या बाबतीत कोर्टाने अधिकच सावध राहावे. कारण अशा प्रकरणांत नको तेवढी नावे घुसडली जातात हे सर्वांना ठाऊक आहे, असे सुप्रीम कोर्टाने म्हटले आहे. 'व इतर शंभर-दीडशे' या शब्दांवर याहून मोठा औषधाचा फवारा दुसरा नाही.

आणखी दोन निकाल. २ जुलै २०१४ च्या अर्नेश कुमार प्रकरणात सांगितले गेले, की सात वर्षांपर्यंतच्या शिक्षेच्या गुन्ह्यात अटक आपोआप होत नाही; पोलिसांनी अटकेची गरज लिहून दाखवली पाहिजे, नाहीतर हजर राहण्याची नोटीस द्यावी. ती नोटीस आता नव्या संहितेच्या कलम ३५(३) खाली मिळते. आणि २९ जानेवारी २०२० रोजी सुशीला अग्रवाल प्रकरणात पाच न्यायमूर्तींनी ठरवले, की अटकपूर्व जामिनाला सर्वसाधारणपणे मुदत नसते. दोषारोपपत्र दाखल झाले म्हणून तो आपोआप संपत नाही. प्रकरण पाहून अटी मात्र घालता येतात.

नुसते 'सूड' म्हणून भागत नाही

आता कडू घोट. आपल्या बहुतेक अर्जांत एक वाक्य हमखास असते: 'राजकीय सूडापोटी खोटा गुन्हा दाखल केला आहे.' वाक्य खरेही असते. पण नुसत्या वाक्यावर जामीन मिळत नाही, हे पुन्हा कोकणानेच दाखवून दिले.

१९८१ पर्यंत रत्नागिरीचाच भाग असलेल्या सिंधुदुर्ग जिल्ह्यात, कणकवलीत, १८ डिसेंबर २०२१ रोजी एका शिवसैनिकावर हल्ला झाला. जिल्हा बँकेच्या निवडणुकीची धामधूम होती. आमदार नितेश राणे यांच्यावर कटाचा आणि खुनाच्या प्रयत्नाचा आरोप ठेवला गेला. त्यांचे म्हणणे, हा राजकीय सूड आहे. पोलिसांचे म्हणणे, कोठडीत चौकशी हवी. ३० डिसेंबरला सिंधुदुर्गच्या सत्र न्यायालयाने अर्ज फेटाळला. १७ जानेवारी २०२२ रोजी हायकोर्टाने फेटाळला. २७ जानेवारीला सुप्रीम कोर्टाने अटकपूर्व जामीन दिला नाही. दहा दिवस अटक करू नका एवढे संरक्षण दिले आणि खालच्या कोर्टापुढे शरण जाऊन नियमित जामीन मागा असे सांगितले. २ फेब्रुवारीला ते शरण गेले, कोठडीत राहिले, आणि ९ फेब्रुवारीला सत्र न्यायालयाने त्यांना नियमित जामीन दिला. शिडीच्या तिन्ही पायऱ्या चढूनही अटकपूर्व जामीन नाही तो नाहीच.

यातली शिकण्यासारखी गोष्ट वेगळीच आहे. त्याच गुन्ह्यातल्या एका सहआरोपीला त्याच १७ जानेवारीला त्याच हायकोर्टाने अटकपूर्व जामीन दिला. गुन्हा एक, एफआयआर एक, कोर्ट एक, दिवस एक. तरी निकाल दोन. कोर्ट एफआयआरच्या नंबराला जामीन देत नाही, माणसागणिक वाटा मोजून देते. म्हणून पन्नास जणांचा मिळून एकच अर्ज, सगळ्यांचे एकच म्हणणे, सगळ्यांचा एकच 'सूड', हा आपला जुना खाक्या सोडला पाहिजे. कोण रस्त्यावर बसला होता, कोण ट्रॅक्टर घेऊन बाजार समितीत गेला होता, कोण त्या दिवशी गावातच नव्हता, हे प्रत्येकाचे वेगळे आणि पुराव्यासकट सांगितले पाहिजे.

आणि आपल्यातल्या कुणी खरोखर कुणाचे डोके फोडले असेल, तर त्याला वाचवण्यासाठी संघटनेची अब्रू गहाण टाकू नये. त्याने वकील घ्यावा, कायद्याने मिळेल ते मिळवावे. उरलेल्या एकोणपन्नास निर्दोष माणसांचा अर्ज त्याच्या अर्जाला बांधला, तर तो एकटा वाचत नाही आणि हे एकोणपन्नास बुडतात.

ॲट्रॉसिटी कायद्याबद्दलही बैठकांत कुजबूज असते, म्हणून स्पष्ट सांगतो. त्या कायद्याच्या कलम १८ ने अटकपूर्व जामिनाला बंदी आहे. कराडच्या एका प्रकरणातून सुप्रीम कोर्टाने मार्च २०१८ मध्ये ती बंदी सैल केली. त्याच वर्षी संसदेने कायदा दुरुस्त करून ती पुन्हा घट्ट केली. फेब्रुवारी २०२० मध्ये सुप्रीम कोर्टाने दुरुस्ती मान्य केली आणि सकृद्दर्शनी गुन्हाच दिसत नसेल तेवढ्यापुरती फट ठेवली. ज्या शेतमजुरासाठी ही बंदी आहे तो आपल्याच बांधावर राबतो. त्याच्या संरक्षणाविरुद्ध आरडाओरड करणे हे या चळवळीचे काम नाही.

नकार आणि अटक यांच्यामधले दिवस

सर्वांत धोक्याचा काळ म्हणजे खालच्या कोर्टाचा नकार आणि वरच्या कोर्टाची सुनावणी यांच्यामधला. या काळात संरक्षणाचा आदेश नसेल तर पोलीस अटक करू शकतात. म्हणून अर्जासोबतच अंतरिम संरक्षण मागायचे असते, आणि नकार मिळालाच तर वर जाईपर्यंत ते चालू ठेवा अशी विनंती त्याच कोर्टात, त्याच क्षणी करायची असते. कोर्ट ती मान्य करीलच असे नाही. पण मागितलीच नाही तर मिळणारही नाही.

संरक्षण असताना अटक झाली तर काय होते, त्याचेही उदाहरण आहे. यवतमाळ जिल्ह्यातल्या वणीजवळच्या राजूरचे प्रा. आनंद तेलतुंबडे यांना सुप्रीम कोर्टाने १४ जानेवारी २०१९ रोजी चार आठवडे संरक्षण दिले होते. १ फेब्रुवारीला पुण्याच्या न्यायालयाने त्यांचा अटकपूर्व जामीन फेटाळला आणि पोलिसांनी दुसऱ्या दिवशी पहाटे मुंबई विमानतळावर त्यांना पकडले. चार आठवडे अजून संपायचे होते. त्याच दिवशी पुण्याच्या न्यायालयाने ती अटक बेकायदा ठरवून त्यांना सोडले. पुढे मार्च २०२० मध्ये सुप्रीम कोर्टात त्यांचा अर्ज फेटाळला गेला आणि १४ एप्रिलला ते शरण गेले, हेही खरे. त्यांचे विचार कुणाला पटोत न पटोत. वरच्या कोर्टाच्या आदेशाची नक्कल खिशात असणे म्हणजे काय, ते या एका पहाटेने शिकवले.

अंतराचा प्रश्न उरतोच. रत्नागिरीच्या माणसाला हायकोर्टासाठी तीनशेहून अधिक किलोमीटर मुंबई गाठावी लागे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचे सर्किट बेंच सुरू झाले आणि रत्नागिरी, सिंधुदुर्ग, कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर हे सहा जिल्हे त्याला जोडले गेले. अक्कलकोटच्या ज्वारीवाल्याची वाट त्यामुळे बरीच हलकी झाली. विदर्भाला नागपूर आणि मराठवाड्याला औरंगाबाद, म्हणजे आताचे छत्रपती संभाजीनगर, हे खंडपीठ आहे. कोर्ट जवळ आले. वकिलाची फी आणि कागदाची तयारी काही आपोआप जवळ येत नाही.

जिल्हा बैठकीपुढचे काम

भाषणे खूप झाली. या बैठकीत पुढील गोष्टी ठराव करून अमलात आणाव्यात अशी सूचना आहे.

१. प्रत्येक तालुक्यात दोन कार्यकर्ते कोर्टकामासाठी नेमावेत आणि एका फौजदारी वकिलाशी आंदोलनाच्या आधी बोलणी करून ठेवावीत. आग लागल्यावर विहीर खणू नये.

२. आंदोलनाच्या दिवशी कोण कुठे होते याची नोंद त्याच रात्री करावी. निवेदनाची पोच, फोटो, चित्रीकरण तारखेसह जपून ठेवावे.

३. गुन्हा नोंदला की एफआयआरची प्रत त्याच दिवशी मिळवावी. नाजूक प्रकरणे वगळता एफआयआर चोवीस तासांत पोलिसांच्या संकेतस्थळावर टाकला पाहिजे, असा सुप्रीम कोर्टाचा २०१६ चा आदेश आहे. कलमे जामीनपात्र आहेत की अजामीनपात्र हे आधी पाहावे. रस्ता अडवण्याचे कलम जामीनपात्र आहे. त्यासाठी अटकपूर्व जामिनाची धावपळ नको. सरकारी नोकरावर हात टाकल्याचे, म्हणजे जुने ३५३ आणि नवे १३२, हे अजामीनपात्र आहे, आणि आंदोलकांवर तेच हमखास लावले जाते.

४. अर्ज प्रत्येकाच्या भूमिकेनुसार वेगळा असावा. सातबारा, आठ-अ, सोसायटीचे कर्ज खाते, घरातली माणसे, पूर्वीचे गुन्हे असतील तर तेही, सगळे मांडावे. ज्याची जमीन गावात आहे तो पळून कुठे जाणार? आपला सातबारा हा या कामी चांगला पुरावा आहे. आणि लपवलेला जुना गुन्हा सरकारी वकिलाच्या तोंडून बाहेर आला, तर उरलेल्या अर्जावरचाही विश्वास उडतो.

५. नोटीस आली तर हजर व्हावे आणि हजेरीची पोच घ्यावी. रानात, पाहुण्यांकडे लपून बसू नये. फरार म्हणून घोषित झालेल्याला अटकपूर्व जामीन सहसा मिळत नाही, असे सुप्रीम कोर्टाने २०१२ मध्येच सांगितले आहे.

६. साठीच्या पुढच्या आणि आजारी माणसांची वेगळी यादी करावी. तीन वर्षांहून कमी शिक्षेच्या गुन्ह्यात अशांना अटक करायची तर पोलीस उपअधीक्षक किंवा त्यावरच्या अधिकाऱ्याची आधी परवानगी लागते. नव्या संहितेचे कलम ३५(७) तसे म्हणते, आणि १३२ ची शिक्षा दोन वर्षांपर्यंतच आहे. ठाण्यात हे कलम तोंडपाठ म्हणून दाखवणारा एक तरी माणूस तालुक्यात असावा.

७. ज्याची ऐपत नाही त्याने जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करावा. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातीचे लोक आणि ठरावीक उत्पन्नाच्या आतले सर्व यांना मोफत वकील मागण्याचा हक्क आहे.

सरकारकडे आपली मागणीही साधी आहे. आंदोलकांवर गुन्हे नोंदवायचेच असतील तर नावानिशी, कृत्यानिशी नोंदवा. 'व इतर' ही पोती बंद करा. सात वर्षांच्या आतल्या गुन्ह्यात नोटीस द्या, पहाटे दार ठोठावू नका. आणि आंदोलन मिटल्यावर गुन्हे मागे घेण्याची जी आश्वासने व्यासपीठावरून दिली जातात, ती कागदावर द्या, कोर्टात द्या.

शेतकरी भावांनो, मायबहिणींनो, अटक ही शिक्षा नव्हे. शिक्षा खटल्यानंतर आणि गुन्हा शाबीत झाला तरच व्हायची असते. कोठडीची गरज काय, एवढा एकच प्रश्न रत्नागिरीपासून दिल्लीपर्यंतचे प्रत्येक कोर्ट विचारते. त्याचे उत्तर पहिल्याच अर्जात, पहिल्याच दिवशी, कागदासकट देण्याची तयारी ठेवा. सरी चुकली तर पुढे कितीही पाणी दिले तरी ते पिकाला पोचत नाही. हंगामाच्या तोंडावर बी-भरणाची जुळवाजुळव करतो, तशी या कागदांचीही एक पिशवी घरात बांधून ठेवा.